गेम कॅप्चर, विंडो कॅप्चर की डिस्प्ले कॅप्चर? ओबीएसमधल्या काळ्या पडद्यावरून सोर्स कसा ठरवायचा

गेम व्यवस्थित चालू आहे, आवाजही जातोय, पण ओबीएस स्टुडिओ या स्ट्रीमिंग-रेकॉर्डिंगच्या प्रोग्रॅमच्या प्रिव्ह्यूमध्ये नुसता काळा पडदा. अशा वेळी बरेच जण एकामागून एक सगळे सोर्स, म्हणजे चित्र घेण्याचे मार्ग, जोडत जातात आणि जो चालेल तो ठेवतात. मग गेमचं पुढचं अपडेट येतं किंवा लॅपटॉपला बाहेरचा मॉनिटर लागतो आणि चालणारा सोर्सही काळा पडतो. तिन्ही सोर्स गेमचं चित्र वेगवेगळ्या जागेवरून उचलतात. ती जागा कळली की कोणता सोर्स घ्यायचा ते ठरतं आणि पडदा काळा का पडला तेही कळतं. खालचं विवेचन मुख्यतः विंडोज १० आणि ११साठी आहे.

चित्र नेमकं कुठून उचललं जातं

गेम कॅप्चर गेमच्या प्रोसेसमध्येच आपली एक छोटी डीएलएल (प्रोग्रॅमचा जोडतुकडा) फाईल घालतो. गेमने फ्रेम पूर्ण करून ती दाखवायला पाठवली की त्याच क्षणी तिची प्रत घेतली जाते, तीही ग्राफिक्स कार्डाच्या मेमरीतल्या मेमरीत. रॅममधून फेरा नाही, मध्ये डेस्कटॉप नाही, त्यामुळे हा सगळ्यात हलका आणि गुळगुळीत मार्ग. डायरेक्टएक्स ९ ते १२, ओपनजीएल आणि व्हल्कनवर चालणारे गेम तो पकडतो.

विंडो कॅप्चर गेममध्ये शिरत नाही, तो विंडोजकडून त्या खिडकीचं चित्र मागून घेतो. त्याच्या प्रॉपर्टीजमध्ये ‘कॅप्चर मेथड’ असा पर्याय असतो. त्यातली बिटब्लिट ही जुनी पद्धत आणि ‘विंडोज १० (१९०३ आणि पुढे)’ ही नवी.

डिस्प्ले कॅप्चर सरळ अख्खा डेस्कटॉप उचलतो. सगळं दिसतं हा त्याचा फायदा आणि तोटाही तोच. व्हॉट्सअॅपचा मेसेज, बँकेचा ओटीपी, उघडा राहिलेला मेल, सगळं प्रेक्षकांपुढे जातं. लाइव्ह जाताना हा मार्ग घ्यायचाच असेल, तर विंडोजच्या सूचना आधी बंद करा आणि शक्यतो गेम एका मॉनिटरवर, बाकीचं दुसऱ्यावर ठेवा.

डेस्कटॉप पीसी असेल तर आमचं मत स्पष्ट आहे: आधी गेम कॅप्चर, तो अडला तर नव्या पद्धतीचा विंडो कॅप्चर, आणि दोन्ही हरले तरच डिस्प्ले कॅप्चर. लॅपटॉपवरही क्रम हाच, पण त्याआधी एक गोष्ट मार्गी लावावी लागते.

लॅपटॉप: एकाच प्रश्नाला दोन उलटी उत्तरं, आणि दोन्ही बरोबर

गेमिंग लॅपटॉपमध्ये सहसा दोन जीपीयू, म्हणजे चित्र तयार करणाऱ्या चिप, असतात. एक प्रोसेसरमधलाच, इंटेलचा किंवा एएमडीचा. दुसरा वेगळा, बहुतेकदा एनव्हिडियाचा. गेम वेगळ्या जीपीयूवर चालतो, पण लॅपटॉपचा स्वतःचा पडदा बहुतेक वेळा प्रोसेसरमधल्या जीपीयूला जोडलेला असतो. ओबीएस या दोघांपैकी एकावरच चालतं.

गेम कॅप्चरला ओबीएस आणि गेम एकाच जीपीयूवर हवेत, कारण फ्रेमची प्रत एकाच कार्डाच्या मेमरीत घ्यायची असते. डिस्प्ले कॅप्चरच्या डीएक्सजीआय पद्धतीला मात्र ओबीएस त्या जीपीयूवर हवं, ज्याला तो पडदा जोडलेला आहे. म्हणूनच कुणी सांगतं ‘ओबीएस हाय परफॉर्मन्सवर टाका’, कुणी सांगतं ‘पॉवर सेव्हिंगवर टाका’. पहिला सल्ला गेम कॅप्चरसाठी आहे, दुसरा डिस्प्ले कॅप्चरसाठी. सोर्स न विचारता यातला कोणताही सल्ला पाळला, तर निम्म्या वेळा उलटा परिणाम होणारच.

गेम कॅप्चर चालवायचा असेल तर असं करा. विंडोजच्या सेटिंग्जमध्ये सिस्टिम, मग डिस्प्ले, मग ग्राफिक्स उघडा. डेस्कटॉप अॅप जोडायचा पर्याय घेऊन सी ड्राइव्हमध्ये प्रोग्रॅम फाइल्स, ओबीएस-स्टुडिओ, बिन, ६४बिट या क्रमाने जा आणि ‘ओबीएस६४’ ही फाईल निवडा. ऑप्शन्समध्ये हाय परफॉर्मन्स ठेवून सेव्ह करा. मग ओबीएस पूर्ण बंद करून पुन्हा उघडा. घड्याळाजवळच्या ट्रेमध्ये ते लपून चालू राहिलं तर बदल लागू होत नाही.

बदल खरंच लागला का, हे अंदाजावर सोडू नका. हेल्प मेन्यूतून चालू लॉग, म्हणजे ओबीएसची स्वतःची नोंदवही, उघडा. सुरुवातीच्याच भागात ‘लोडिंग अप डी३डी११ ऑन अॅडाप्टर’ अशी ओळ असते आणि तिच्यापुढे जीपीयूचं नाव. तिथे एनव्हिडिया दिसायला हवं होतं आणि इंटेल दिसतंय, तर पुढचं काहीही करून उपयोग नाही, आधी हेच सोडवा.

गेमचीही हीच तपासणी करा. माइनक्राफ्टची जावा आवृत्ती यात नेहमी सापडते. ती ‘जावाडब्ल्यू’ नावाच्या फाईलमधून चालते आणि विंडोज तिला साधा प्रोग्रॅम समजून कमी ताकदीच्या जीपीयूवर टाकू शकतं. मग ओबीएस एकीकडे, गेम दुसरीकडे. त्याच ग्राफिक्स यादीत जावाडब्ल्यूही हाय परफॉर्मन्सवर टाका.

बाहेरचा मॉनिटर लावला की गणित बदलतं. अनेक गेमिंग लॅपटॉपचं एचडीएमआय पोर्ट थेट वेगळ्या जीपीयूला जोडलेलं असतं, म्हणून त्या मॉनिटरच्या डिस्प्ले कॅप्चरलाही ओबीएस हाय परफॉर्मन्सवरच लागतं. लॅपटॉपमध्ये मक्स स्विच (पडदा कोणत्या जीपीयूला जोडायचा ते ठरवणारा) असेल आणि तो ‘फक्त वेगळा जीपीयू’ या स्थितीत ठेवला, तर भांडणच मिटतं, कारण पडदा, गेम आणि ओबीएस तिन्ही एका कार्डावर येतात. बॅटरी लवकर उतरते, पण स्ट्रीम करताना चार्जर तसाही लावलेलाच असायला हवा.

गेम कॅप्चरच्या प्रॉपर्टीजमध्ये ‘एसएलआय/क्रॉसफायर कॅप्चर मोड’ अशी एक खूण आहे. तिने दोन जीपीयूंमधूनही चित्र येतं, पण ते रॅममधून वळसा घालून, म्हणजे हळू. वरचं काहीच शक्य नसेल तेव्हाच ती वापरा.

गेमच दार लावून घेतो तेव्हा

गेम कॅप्चर गेमच्या आत शिरतो, आणि चीट करणारे प्रोग्रॅमही तसेच शिरतात. त्यामुळे अँटी-चीटशी, म्हणजे चीट पकडणाऱ्या गेमच्या पहारेकऱ्याशी, त्याचा संबंध येतोच. अशा शिरण्याला हुक म्हणतात. ओबीएसमध्ये ‘अँटी-चीट कम्पॅटिबिलिटी हुक’ ही खूण मुळातच केलेली असते, ती काढू नका.

काउंटर-स्ट्राइक २मध्ये बाहेरच्या डीएलएलवर बंधन आहे. गेम कॅप्चर चालला नाही तर स्टीममध्ये गेमच्या लाँच ऑप्शन्समध्ये ‘अलाऊ थर्ड पार्टी सॉफ्टवेअर’ हा पर्याय द्यावा लागू शकतो. इंग्रजी छोट्या अक्षरांत, सुरुवातीला एक आडवी रेघ आणि शब्दांमध्ये मोकळ्या जागेऐवजी अंडरस्कोअर. ते करायचं नसेल तर गेम फुलस्क्रीन विंडोड ठेवून नव्या पद्धतीचा विंडो कॅप्चर वापरा, चित्र मिळतं. डेस्टिनी २ गेम कॅप्चरला आत येऊच देत नाही. तिथे वेळ घालवू नका, थेट विंडो किंवा डिस्प्ले कॅप्चर घ्या. अँटी-चीटला चुकवून आत शिरणारं कुठलं प्लगइन कुणी सुचवलं तर ते अजिबात टाकू नका. एका स्ट्रीमसाठी खातं पणाला लावण्यात काही अर्थ नाही.

कधी कारण याहून साधं असतं. गेम अॅडमिनिस्ट्रेटर म्हणून चालतोय आणि ओबीएस साध्या अधिकारात, तर ओबीएस त्यात शिरू शकत नाही. ओबीएसच्या आयकॉनवर राइट-क्लिक करून ‘रन अॅज अॅडमिनिस्ट्रेटर’ करा.

दुसरं कारण म्हणजे त्याच दाराशी आधीच उभे असलेले ओव्हरले, म्हणजे गेमवर आकडे किंवा मेसेज दाखवणारे प्रोग्रॅम. एमएसआय आफ्टरबर्नरबरोबर येणारा रिव्हाट्यूनर, डिस्कॉर्डचा ओव्हरले हेसुद्धा गेमच्या त्याच टप्प्यावर हुक टाकतात. ते बंद करून गेम नव्याने सुरू करून पाहा. तिसरं कारण तुमच्याच सीनमध्ये असू शकतं: एकाच गेमवर दोन गेम कॅप्चर सोर्स, किंवा एकाच सीनमध्ये गेम आणि डिस्प्ले कॅप्चर एकत्र. एकच सोर्स ठेवा आणि दुसऱ्या सीनमध्ये ‘अॅड एक्झिस्टिंग’ने तोच वापरा.

हुक लागला की लॉगमध्ये ‘शेअर्ड टेक्स्चर कॅप्चर सक्सेसफुल’ असं येतं. त्याऐवजी ‘मेमरी कॅप्चर सक्सेसफुल’ दिसलं, तर चित्र येतंय पण रॅममधल्या हळू रस्त्याने. आणि हुक लागल्याची ओळच नसेल, तर दोष हुकच्याच पायरीवर आहे. रिझोल्यूशन, बिटरेट वगैरे बदलत बसू नका.

विंडो कॅप्चर कधी सरस

ब्राउझरमधले गेम, कार्ड गेम, जुने खिडकीत चालणारे गेम आणि हुकला नकार देणारे गेम, या सगळ्यांसाठी विंडो कॅप्चर चांगला. त्यातही काळा पडदा आला तर पहिलं पाऊल ठरलेलं: कॅप्चर मेथड ‘ऑटोमॅटिक’वरून काढून स्वतः ‘विंडोज १०’ वाली करा. हार्डवेअर अॅक्सिलरेशन (जीपीयूकडून चित्र काढून घेणं) वापरणाऱ्या खिडक्या, उदाहरणार्थ क्रोम, बिटब्लिटला काळ्याच दिसतात.

त्याच्या मर्यादाही पक्क्या आहेत. खिडकी मिनिमाइझ केली की चित्र थिजतं. गेम खऱ्या फुलस्क्रीनमध्ये असेल तर चित्र मिळेलच असं नाही, गेमच्या सेटिंगमध्ये बॉर्डरलेस निवडा. विंडोज १०वर खिडकीभोवती पिवळी चौकट दिसते. ती विंडोजची खूण आहे, बिघाड नाही, आणि ११वर येऊन ती जाते.

आज चालला आणि उद्या रिकामा, अशी तक्रार असेल तर ‘विंडो मॅच प्रायॉरिटी’ पाहा. तिथे शीर्षक तंतोतंत जुळलंच पाहिजे असं ठेवलं असेल, तर खिडकीचं नाव बदलताच सोर्स रिकामा होतो. ब्राउझरमध्ये टॅब बदलला की नाव बदलतं, माइनक्राफ्टमध्ये सर्व्हरवर गेलं की बदलतं. शीर्षक नाही जुळलं तर त्याच प्रोग्रॅमची खिडकी शोधायचा पर्याय घ्या. गेम कॅप्चरच्या ‘स्पेसिफिक विंडो’ मोडलाही हेच लागू.

चित्र येतंय, पण अडखळतंय

इथे सोर्स बदलण्याआधी ओबीएसचं स्टॅट्स डॉक उघडा. त्यात तीन वेगळे आकडे असतात. रेंडरिंग लॅगमुळे हुकलेल्या फ्रेम म्हणजे जीपीयूला सवड नाही. एन्कोडिंग लॅगमुळे वगळलेल्या फ्रेम म्हणजे एन्कोडर (चित्र दाबून व्हिडिओ बनवणारा भाग) मागे पडतोय. ड्रॉप झालेल्या फ्रेम म्हणजे इंटरनेट. कॅप्चरची पद्धत बदलून फक्त पहिला आकडा सुधारू शकतो.

तो पहिला आकडा वाढत असेल तर बहुधा गेमने जीपीयू १०० टक्के व्यापलेला असतो आणि ओबीएसला आपलं चित्र जुळवायला वेळच मिळत नाही. गेममध्ये फ्रेमची मर्यादा घाला. १४४ हर्ट्‌झचा मॉनिटर असेल तर १४४ किंवा १२०, आणि जीपीयूचा वापर नव्वदीच्या आसपास येईपर्यंत खाली आणा. ओबीएस अॅडमिनिस्ट्रेटर म्हणून चालवलं की विंडोज त्याला जीपीयूवर अग्रक्रम देतं, हा त्याचा दुसरा फायदा.

रंग फिके किंवा भडक दिसत असतील तर विंडोजचा एचडीआर (जास्त उजेड-रंग दाखवणारी पद्धत) चालू आहे का पाहा. ओबीएस २८पासून, म्हणजे २०२२पासून एचडीआर हाताळतं, पण स्ट्रीम साधाच जाणार असेल तर विंडोजमध्ये आणि गेममध्ये एचडीआर बंद करणं सगळ्यात सोपं. चित्र कोपऱ्यात लहान किंवा कापलेलं दिसत असेल, तर सोर्स निवडून कंट्रोल आणि एफ दाबा, ते कॅनव्हासला बसतं.

मॅकवर यातलं बरंच लागू होत नाही. तिथे ‘मॅकओएस स्क्रीन कॅप्चर’ हा सोर्स घ्यायचा, आणि काळा पडदा असेल तर सिस्टिम सेटिंग्जमध्ये प्रायव्हसी अँड सिक्युरिटीखाली ओबीएसला स्क्रीन रेकॉर्डिंगची परवानगी देऊन ते पुन्हा सुरू करायचं. लिनक्सवर वेलँड (पडदा दाखवण्याची नवी व्यवस्था) असेल तर पाइपवायरचा सोर्स लागतो.

कॅप्चर कार्ड घ्यावं का

एकाच पीसीवर काळा पडदा येतो म्हणून कॅप्चर कार्ड, म्हणजे दुसऱ्या यंत्राचं एचडीएमआय चित्र पीसीत आणणारं उपकरण, विकत घेऊ नका. वरच्या उपायांना खर्च शून्य आहे. दोन पीसी असतील, किंवा पीसीबरोबर कन्सोलही स्ट्रीम करायचा असेल, तेव्हाच कार्डाला अर्थ आहे. मग गेममध्ये शिरण्याचा, अँटी-चीटचा, दोन जीपीयूंचा प्रश्नच उरत नाही.

घेताना एक हिशोब करून पाहा. १०८०पी, ६० फ्रेम, वाययूवाय२ या न दाबलेल्या स्वरूपात प्रत्येक पिक्सेलला २ बाइट: १९२० × १०८० × २ × ६० म्हणजे सेकंदाला सुमारे २४.९ कोटी बाइट, जवळजवळ २ गिगाबिट. यूएसबी २.०ची कमाल मर्यादाच ०.४८ गिगाबिट. त्यामुळे ‘४के’ लिहिलेले स्वस्त एचडीएमआय डोंगल आतून यूएसबी २.०चे असतील, तर ते चित्र एमजेपीईजीमध्ये दाबूनच पाठवतात, आणि वेगाने हलणाऱ्या गेममध्ये कडा फुटलेल्या दिसतात. पोर्टचा निळा रंग (यूएसबी ३.०ची खूण) पाहून भुलू नका, वेगळ्या स्वरूपांत किती फ्रेम मिळतात ते तपशिलात वाचा. कार्ड यूएसबी ३.०चं असेल तर ते हबमधून न नेता थेट पीसीच्या यूएसबी ३.० पोर्टलाच लावा, आणि सोबतची केबलच वापरा. साध्या यूएसबी २.० केबलने चांगलं कार्डही एकतर मंद चालतं किंवा ओळखलंच जात नाही.

प्लेस्टेशन ५ जोडला आणि पडदा काळा राहिला, तर कार्डात दोष शोधण्याआधी कन्सोलच्या सेटिंग्जमध्ये सिस्टिम, एचडीएमआय इथे जाऊन एचडीसीपी (नक्कल रोखणारं कुलूप) बंद करा. गेमचं चित्र लगेच येतं. एचडीसीपी बंद असताना कन्सोलवरची व्हिडिओ स्ट्रीमिंग अॅप्स चालणार नाहीत, तेव्हा चित्रपट पाहायचा असेल तर ते पुन्हा चालू करावं लागेल.