हुपर्ट्झ यांचे ‘मेट्रोपोलिस’: आठ महिन्यांनंतर

गोटफ्रीड हुपर्ट्झ यांच्या मूळ संगीतासह पुन्हा जुळवलेल्या ‘मेट्रोपोलिस’ या जर्मन मूकपटाची ब्लू-रे डिस्क मी आठ महिन्यांपूर्वी मागवली, ती दिग्दर्शक फ्रिट्झ लांग यांच्या नावाकडे पाहून. संगीतकार कोण, हे मला ठाऊकही नव्हते. आता मात्र टीव्ही बंद ठेवून नुसता आवाजच अधिक वेळा लावतो. (डिस्क दुसऱ्या रीजनची, म्हणजे माझ्या प्लेअरवर न चालणारी निघाली, विक्रेत्याने तसे कळवले नव्हते, त्यामुळे पहिला आठवडा प्लेअर शोधण्यात गेला.)

कलोनमध्ये १८८७ साली जन्मलेले हुपर्ट्झ मूळचे गायक नट. रुडोल्फ क्लाइन-रोगे, म्हणजे या चित्रपटातला संशोधक रोटवांग, हे त्यांचे मित्र. त्यांच्यामुळे लांग यांच्याशी ओळख झाली आणि लांग यांच्याच १९२४च्या ‘नीबेलुंगेन’ या चित्रपटाचे संगीत हुपर्ट्झ यांच्याकडे आले. १० जानेवारी १९२७ रोजी बर्लिनमधील ‘मेट्रोपोलिस’च्या पहिल्या खेळाला वाद्यवृंदाचे संचालन त्यांनी स्वतः केले. पुढे चित्रपटाला अशी कात्री लागली की त्याला बेतून लिहिलेले संगीत त्याच्यावर बसेनासे झाले.

गंमत अशी की कापलेला चित्रपट पुन्हा जुळवायला याच स्वरलिपीचा आधार झाला. कोणत्या स्वराला पडद्यावर काय दिसते याच्या हजाराहून अधिक खुणा तिच्यात आहेत. २००८ मध्ये ब्युनोस आयरेसला १६ मिलिमीटरची जवळजवळ पूर्ण प्रत सापडली, तेव्हा दृश्यांचा क्रम लावताना त्या खुणा फार उपयोगी पडल्या. ती दृश्ये लगेच ओळखू येतात: चित्र ओरखड्यांनी भरलेले आणि कडेला काळी पट्टी. पहिल्या दोन वेळा हे डोळ्यांना खुपले, पण संगीत कुठेही न अडखळता पुढे जात असल्याने नंतर खटकेनासे झाले.

फ्रांक श्ट्रोबेल यांच्या संचालनाखाली बर्लिनच्या रेडिओ वाद्यवृंदाने केलेले वादन भरदार आहे. पाळी बदलताना कामगारांची पावले जड तालात पडतात, श्रीमंतांच्या बागेत वॉल्ट्झ येतो, आणि दंगलीत ‘मार्सेयेज’ या फ्रेंच राष्ट्रगीताची ओळख पटते न पटते तोच ती विस्कटते. ‘दिएस इराए’ या जुन्या लॅटिन स्तोत्राचा वापर मला जरा ढोबळ वाटतो, मृत्यूच्या पुतळ्यासोबत मृतांसाठीच्या प्रार्थनेची चाल येणार, हे आधीच कळते. सलग अडीच तास नुसते ऐकणेही जमत नाही. मी एका बैठकीला एकच भाग ऐकतो.

शहराचा सत्ताधीश फ्रेडरसन आणि रोटवांग यांच्या झटापटीचे दृश्य अजूनही सापडलेले नाही. तिथे पडद्यावर केवळ मजकूर येतो, आणि मी दर वेळी तेवढ्यापुरता आवाज वाढवतो.