माहितीपटाचे पार्श्वसंगीत : लायब्ररीतून घ्यावे की संगीतकाराकडून करून घ्यावे?

स्वतंत्रपणे माहितीपट करणाऱ्या दिग्दर्शकाकडे संगीतासाठी उरलेली रक्कम बहुधा तुटपुंजी असते, त्यामुळे वर्गणी भरून मिळणारे लायब्ररीतील तयार संगीत हा पर्याय प्रथम सुचतो. खर्च आधीच कळतो आणि आवडलेला तुकडा त्याच संध्याकाळी टाइमलाइनवर बसवता येतो. पाच मिनिटांच्या संस्थापरिचयासाठी किंवा ट्रेलरसाठी एवढे पुरते. मात्र ‘रॉयल्टी फ्री’, म्हणजे दर वापरामागे वेगळे मानधन द्यावे न लागणारे संगीत, हे फुकट नव्हे. यूट्यूबपुरता घेतलेला परवाना महोत्सवाला किंवा ओटीटीला चालेलच असे नाही, आणि क्रिएटिव्ह कॉमन्सच्या (म्हणजे कर्त्याने काही अटींवर सर्वांना वापरायला खुल्या केलेल्या) संगीतावर अव्यावसायिक वापराची अट असेल, तर चित्रपट विकताना अडचण येते.

खरा फरक मात्र सुरात कळतो. मी संगीत दिलेल्या एका माहितीपटात एक आजी जात्यावर ओव्या म्हणत होत्या. त्यांचा सूर पेटीच्या काळी चार आणि पांढरी सहा या शेजारच्या दोन पट्ट्यांच्या मधे कुठेतरी होता आणि तिसऱ्या ओवीपर्यंत तो किंचित चढला होता. संकलकाने तात्पुरता लावलेला पियानोचा तुकडा स्वतंत्रपणे सुरेख होता, पण ओवीखाली ठेवताच आजीच बेसूर वाटू लागल्या, आणि हे मला फार लागले. सॉफ्टवेअरने तुकड्याची पट्टी सरकवता आली असती, परंतु चढत जाणाऱ्या सुराबरोबर तो चालला नसता. शेवटी आम्ही ओवीखाली काहीच वाजवले नाही. जाते थांबल्यावर त्या पीठ गोळा करू लागतात तिथे, त्यांच्या शेवटच्या षड्जाला लावलेला तानपुरा हलकेच आणला.

असे काम करून घ्यायचे तर संगीतकाराला कच्च्या संकलनापासून सोबत घ्यावे. तात्पुरत्या संगीताची महिनोन्‌महिने सवय झालेल्या दिग्दर्शकाला पुढे दुसरे काही रुचत नाही. करारात संगीताची एकूण मिनिटे, किती वेळा बदल करायचे, वादकांचे मानधन कोण देणार आणि प्रत्येक वाद्यगटाचे वेगळे ट्रॅक ४८ किलोहर्ट्‌झमध्ये (चित्रपटाच्या ध्वनीसाठी रूढ असलेल्या सॅम्पलिंग दराने) मिळणार का, हे स्पष्ट लिहावे. २०१२च्या कॉपीराइट दुरुस्तीनुसार, चित्रपटगृहातील प्रदर्शनाखेरीज होणाऱ्या वापराच्या रॉयल्टीतील संगीतकाराचा समान वाटा करारानेही सोडून देता येत नाही. तेव्हा ‘सर्व हक्क कायमचे’ असे ठोकळेबाज कलम टाकून निर्माता निर्धास्त होऊ शकत नाही.

ज्या चित्रपटात माणसांचे स्वतःचे आवाज, गाणी किंवा कामाची लय महत्त्वाची आहे, तिथे चाळीस मिनिटांचे तयार संगीत पसरण्यापेक्षा दहाच मिनिटांचे संगीत करून घ्यावे आणि उरलेली जागा प्रत्यक्ष ठिकाणच्या ध्वनीला द्यावी, असे माझे ठाम मत आहे. पैसे कमी असले तरी हे जमते. मात्र महोत्सवाची मुदत तीन आठवड्यांवर आली असेल आणि संकलन अजून बदलत असेल, तर संगीतकाराला घाईत ओढू नये. लायब्ररीतील दोन-तीन साधे तुकडे घ्यावेत आणि त्यांचे परवाने चित्रपटाच्या कागदपत्रांत लावून ठेवावेत.