मॅमथ की मॅस्टोडॉन? दाढा बघा

मॅमथ आणि मॅस्टोडॉन, दोघेही हत्तीसारखे, आता नामशेष झालेले प्राणी. दोघांचे सांगाडे शेजारी ठेवले तर बहुतेक लोक दोघांनाही मॅमथच म्हणतील. ओळखायचं तर सुळे सोडा, दाढा पाहा. मॅमथची दाढ टाकी लावलेल्या जात्यासारखी: एकाला एक चिकटलेल्या पातळ कडा, गवत रगडायला. मॅस्टोडॉनच्या दाढेवर शंकूसारखे उंचवटे, पाला आणि डहाळ्या चिरडायला. क्युव्हिए या फ्रेंच शास्त्रज्ञाला त्यांत स्तनांचा आकार दिसला, म्हणून ‘स्तन-दात’ अशा अर्थाचं हे नाव. गंमत अशी की मॅस्टोडॉनच्या प्रजातीचं शास्त्रीय नाव मात्र ‘मॅमट’. गोंधळात भरच!

बांध्याने मॅस्टोडॉन बुटका, लांबट. केसाळ मॅमथचं डोकं उंच आणि पाठ उतरती. मॅमथ आशियाई हत्तीचा सख्ख्यासारखा भाऊबंद, मॅस्टोडॉन फार दूरचा.

जीवाश्मांत मला मॅमथच सरस वाटतो. सैबेरियाच्या गोठलेल्या जमिनीत २००७ मध्ये सापडलेलं ‘ल्युबा’ हे पिल्लू कातडीसकट टिकलं होतं. मॅस्टोडॉनची मिळतात ती बहुतेक हाडं आणि दातच, उत्तर अमेरिकेच्या दलदलींतली. आणि सैबेरियाच्या उत्तरेला आर्क्टिक महासागरातल्या रँगल बेटावर मॅमथ सुमारे ४,००० वर्षांपूर्वीपर्यंत तग धरून होते. तोवर गिझाचे पिरॅमिड बांधून शतकं लोटली होती.