एकट्याचा वाद्यवृंद

वडोदऱ्याच्या दांडिया बाजारातल्या एका छोटेखानी सभागृहात गेल्या आठवड्यात फ्रेंच चित्रपटकार जॉर्ज मेलिएस यांचा १९०० सालचा 'लॉम ऑर्केस्त्र' हा जेमतेम दोन मिनिटांचा मूकपट पाहिला. रांगेत मांडलेल्या सात खुर्च्यांवर एकच माणूस, म्हणजे खुद्द मेलिएस, स्वतःतून स्वतःला काढत सात वादक होऊन बसतो, हा सारा खेळ एकच फीत कॅमेऱ्यात पुन्हा पुन्हा मागे गुंडाळून तिच्यावरच नव्याने चित्रण करत साधलेला असल्याने, एका आवर्तनातली चूक आधीची सगळी मेहनत वाया घालवू शकली असती. तरीही शेजारच्या 'स्वतः'कडे वळून पाहण्याची त्यांची वेळ कुठेही चुकल्यासारखी वाटत नाही. माझ्या मते खरी कमाल कॅमेऱ्यापेक्षा या अभिनयात आहे. १८८८ पासून पॅरिसमध्ये जादूचे रंगगृह चालवणाऱ्या या कलावंताला प्रेक्षकांकडून टाळी कुठे घ्यायची हे पक्के ठाऊक होते. (आमच्या वडोदऱ्यातल्या कलाभवन या शिक्षणसंस्थेत शिकलेले दादासाहेब फाळकेही जादूचे प्रयोग करीत, हे येथे आठवल्यावाचून राहत नाही.) मात्र आयोजकांनी जोडलेले ध्वनिमुद्रित पियानोवादन इतके कर्कश होते की, दुसऱ्यांदा दाखवताना ते बंद करण्याची विनंती करावी लागली, आणि त्या शांततेत सातही वाद्ये अधिक स्पष्ट ऐकू आली.