ग्रेस अँड फ्रँकी: गुडघे, कंबर आणि दोन भांडखोर बायका

नेटफ्लिक्सवरची ही सिरीज मी फार उशिरा बघितली, २०२२ ला संपून गेल्यावर, तेही आई म्हणाली काहीतरी हलकंफुलकं लाव म्हणून. ७ सीझन, ९४ भाग. सत्तरीतल्या दोघीजणी, एकमेकींशी अजिबात पटत नाही, आणि त्यांचे नवरे एके दिवशी जेवायला नेऊन सांगतात की आमचं दोघांचं २० वर्षांपासून प्रेम आहे, आता आम्ही लग्न करतोय.

मला वाटलं आता रडारड. पण नाही. एका सीनमध्ये दोघी दुकानात जातात, काउंटरवरचा पोरगा यांच्याकडे ढुंकून बघत नाही, तरुण मुलगी आली की लगेच तिच्याकडे, मग ग्रेस असली भडकते की विचारू नका, आणि बाहेर आल्यावर कळतं फ्रँकीने सिगारेटचं पाकीट ढापलंय, कारण आपण कोणाला दिसतच नाही तर पकडणार कोण! आईने पॉज करायला लावलं. म्हणाली, माझंही असंच होतं, काम माझं असतं आणि माणूस बोलतो तुझ्याशी.

ग्रेस झालेली जेन फोंडा सुरुवातीला ७७ ची होती आणि फ्रँकी झालेली लिली टॉमलिन ७५ ची, त्यामुळे म्हातारपणाचा मेकअप वगैरे भानगड नाही. नाहीतर गोल्डन गर्ल्स या जुन्या अमेरिकन सिरीजमध्ये एस्टेल गेटी जिची आई झालीये ती बी आर्थर तिच्यापेक्षा वर्षभराने मोठी, आणि शक्तीमध्ये राखी अमिताभची आई, वयाने त्याच्याहून लहान!! इथे दुखणी खरी वाटतात आणि ती रडायला नाही, गोष्ट पुढे न्यायला वापरलीत. संधिवाताने हात दुखतो म्हणून दोघी वयस्कर बायकांसाठी व्हायब्रेटर बनवायचा धंदा काढतात (हो, आईबरोबर बघितलं, पहिली पाच मिनिटं अवघड गेली, मग तीच जास्त हसत होती). तिसऱ्या सीझनमध्ये तर एक अख्खा भाग दोघींची कंबर धरलीये आणि जमिनीवरून उठता येत नाही यावर आहे. माझा सगळ्यात आवडता.

आता तक्रारी. पैशाची चणचण म्हणजे काय हे या बायकांना माहीतच नाही, समुद्रकिनारी घर, नवरा सोडून गेला तरी घर आहेच, म्हणजे ज्या बाईकडे यातलं काहीच नाही तिचं म्हातारपण इथे कुठेच नाही. ग्रेस जवळपास कायम टापटीप, एका सीनमध्ये खोट्या पापण्या, खोटे केस एकेक करून काढते तो भारी आहे, पण तसे सीन अजून हवे होते. मुलांचे ट्रॅक बोअर. शेवटचे दोन सीझन ओढलेत.

तरी ५ पैकी ४. आई सध्या दुसऱ्यांदा बघतेय, नवऱ्यांचे सीन फॉरवर्ड करून.