आठ महिने, एक डिस्क आणि नातान पिन्सोन

'एल वाम्पिरो नेग्रो' या जुन्या अर्जेंटिनी चित्रपटाची ब्लू-रे घेतली त्याला आठ महिने झाले. टपाल आणि कस्टम धरून साडेचार हजारांना पडली. एवढ्या पैशांत वर्षभराचं ओटीटी झालं असतं, हे घरात बरेचदा ऐकून झालंय. म्हणून आधीच सांगते, पैसे वसूल झाले आणि ते त्यात खुनी झालेल्या नातान पिन्सोनमुळे झाले.

खरं तर घेतली होती नायिका ओल्गा सुबारीसाठी. पहिल्या वेळी पिन्सोनने माझी निराशाच केली. १९५३चा हा चित्रपट फ्रिट्झ लांगच्या 'एम' या जर्मन चित्रपटावर (१९३१) बेतलेला आहे, हे तुम्हाला माहीत असेलच. लहान मुलींच्या खुन्याची गोष्ट, तिथे खुनी होता पीटर लोरे. तेच बाहेर आलेले डोळे, तीच शीळ. 'पीटर लोरेची नक्कल' असं वहीत लिहिलं आणि विषय संपवला.

आता माझी मुख्य तक्रार, सबटायटल्स. भाषांतराला नावं ठेवत नाही. पण ओळ वाचायला नजर खाली गेली की पिन्सोनचा चेहरा हातचा जातो, आणि या माणसाचं सगळं काम चेहऱ्यावर. सुरुवातीलाच त्याला शाईचे डाग दाखवून काय दिसतं ते विचारतात. त्या वेळी मी खाली वाचत बसले होते! तिसऱ्या खेपेला सबटायटल्स बंद केली. तुम्हीही दुसऱ्या वेळी तेच करा. चित्रपट दीड तासाचा आहे, दोनदा बघायला जड जात नाही.

पाचव्या महिन्यात प्लेअरने दगा दिला. चित्र गेलं, स्पीकरमधून आवाज मात्र येत राहिला. सर्व्हिस सेंटरवाल्यांनी झाकण न उघडताच 'बोर्ड बदलावा लागेल' म्हणून सात हजार सांगितले. मी वाद घातला, तपासणीचे तीनशे त्यांच्या टेबलावर ठेवले आणि प्लेअर उचलून घरी आणला. पुढे गल्लीतल्या मेकॅनिकने एचडीएमआयच्या पोर्टचा सुटलेला टाका डाग देऊन पक्का केला, सहाशे रुपयांत.

मधले तीन आठवडे मी हा चित्रपट नुसता ऐकला. संध्याकाळी भाजी निवडताना लावून ठेवायचे. माझं मत फिरलं ते तिथे. पिन्सोनचा ऊल्बर हा इंग्रजीचा मास्तर. त्याचा आवाज मवाळ, समोरच्याची परवानगी मागितल्यासारखा. उलट सरकारी वकील झालेल्या रोबेर्तो एस्कालादाचा आवाज भरदार, हुकमी. पण घरी अपंग बायको असताना गायिका रीतावर (ओल्गा सुबारी) डोळा ठेवणारा हाच वकील! ऊल्बरने एका लहान मुलीचं प्रेत गटारात टाकलेलं रीताने खिडकीतून पाहिलंय, तरी पोटासाठी आणि लेकीसाठी ती गप्प बसते. दिग्दर्शक रोमान विन्योली बारेतोने गोष्ट आईच्या बाजूने नेली, आणि 'एम'पासून हा चित्रपट वेगळा झाला तो इथेच. अशा गोष्टीत लोरेचा खुनी उपराच वाटला असता. पिन्सोनचा शेजारी राहणारा वाटतो, म्हणून जास्त भीती वाटते. वहीतली ती ओळ मी खोडली.

मग त्याचं बाकीचं काम शोधू लागले. याच दिग्दर्शकाच्या 'ला बेस्तिया देबे मोरीर'मध्ये (१९५२) नार्सिसो इबान्येस मेंता नायक, पिन्सोन कडेला. चरित्र अभिनेत्याच्या वाट्याला बहुतेक हेच येतं, चार प्रसंग आणि खालच्या ओळीत नाव. एखादाच दिग्दर्शक सगळा भार त्याच्या खांद्यावर टाकतो. विन्योली बारेतोने तो टाकला, आणि पिन्सोनने पेलला.

प्रतीबद्दल थोडं. जीर्णोद्धार अमेरिकेतल्या यूसीएलए विद्यापीठाच्या चित्रपट संग्रहालयाने केलाय, जुने गुन्हेपट जपणाऱ्या फिल्म नॉयर फाउंडेशनच्या मदतीने. प्लेअरचं चित्र गेलेलं असताना नेटवरची एक धुरकट प्रत पाहून बघितली. तिच्यात गटारातल्या शेवटाचा नुसता काळा चिखल झालाय, पिन्सोनचे डोळेच दिसत नाहीत. डिस्कवर त्या अंधारात त्याच्या कपाळावरचा घाम वेगळा दिसतो.

प्लेअर दुरुस्त होऊन आला त्या रात्री पहिल्यांदा तोच प्रसंग लावला, सबटायटल्स बंद ठेवून.