ताब्याच्या हुकूमनाम्याला स्थगिती: अपील की अनुच्छेद २२७ ची याचिका?

घराचा किंवा जमिनीचा ताबा देण्याचा हुकूमनामा (दिवाणी दाव्याचा अंतिम आदेश) झाला, समोरच्या पक्षाने दरखास्त, म्हणजे अंमलबजावणीचा अर्ज, दाखल केली आणि न्यायालयाचा कर्मचारी असलेला बेलिफ ताबा वॉरंट घेऊन येण्याची वेळ आली, की हरलेल्या पक्षकारापुढे मुख्यतः दोन वाटा असतात: अपील करून त्यातच स्थगिती मागणे, किंवा संविधानाच्या अनुच्छेद २२७ खाली उच्च न्यायालयात याचिका करणे. ‘सरळ हायकोर्टात रिट टाकू’ हा सल्ला कोर्टाच्या आवारात सहज मिळतो. परंतु हुकूमनाम्यावर अपील उपलब्ध असताना उच्च न्यायालय सहसा अशा याचिकेत शिरत नाही आणि अपिलाची मुदत मात्र सरत राहते.

ही मुदत जिल्हा न्यायालयासाठी ३० दिवस आणि उच्च न्यायालयासाठी ९० दिवस असून निकालाची सही नक्कल मिळण्यास लागलेला काळ त्यातून वगळला जातो. पहिल्या अपिलात साक्षीपुराव्याचा संपूर्ण फेरविचार होऊ शकतो, हा या वाटेचा सर्वांत मोठा फायदा आहे. मात्र नुसते अपील दाखल केल्याने अंमलबजावणी थांबत नाही. दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश ४१, नियम ५ नुसार स्थगिती न मिळाल्यास मोठे नुकसान होईल, अर्जास अवाजवी उशीर झालेला नाही आणि योग्य तारण दिले आहे, या तिन्ही बाबींवर न्यायालयाचे समाधान व्हावे लागते. अपील मुदतीनंतर केले असेल, तर ते ऐकण्याचा निर्णय होईपर्यंत स्थगिती देता येत नाही. याउलट, अपिलाची मुदत संपलेली नसताना निकाल देणाऱ्या न्यायालयाकडेच तात्पुरती स्थगिती मागता येते. हा अर्ज निकालाच्या दिवशीच द्यावा, असे माझे स्पष्ट मत आहे.

खर्चाचा अंदाज येथेच चुकतो. आत्मा राम प्रॉपर्टीज प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने मान्य केले आहे की, बेदखलीच्या हुकूमनाम्याला स्थगिती देताना जुन्या भाड्याऐवजी बाजारभावानुसार वाजवी रक्कम भरण्याची अट घालता येते. मुंबईतील पागडीच्या खोलीचे नाममात्र भाडे भरणाऱ्या कुटुंबाला ही रक्कम दरमहा झेपेल का, याचा हिशेब अर्जापूर्वीच करावा, कारण अट मोडली की स्थगिती उठू शकते.

अनुच्छेद २२७ खालील अधिकार देखरेखीचा आहे. त्यात पुरावा नव्याने तोलला जात नाही. दिवाणी न्यायालयाच्या न्यायिक आदेशाविरुद्ध अनुच्छेद २२६ खालील रिट चालत नाही, हे सर्वोच्च न्यायालयाच्या राधे श्याम विरुद्ध छबी नाथ या २०१५ च्या निकालाने स्पष्ट केले. तरीही अपील न्यायालयाने स्थगिती नाकारली किंवा न पेलणारी अट घातली, तर त्या आदेशावर वेगळे अपील नसल्याने हीच याचिका योग्य ठरते. म्हणजे ती अपिलाच्या जागी नव्हे, अपिलानंतर उपयोगी पडते.

मूळ दाव्यात पक्षकार नसलेल्या, पण स्वतंत्र हक्काने ताब्यात असलेल्या व्यक्तीने त्याच संहितेच्या आदेश २१, नियम ९७ ते १०१ खाली दरखास्त न्यायालयातच हरकत मांडावी. तेथील निर्णय हुकूमनाम्याप्रमाणे अपीलयोग्य असतो.

कोणतीही वाट धरली, तरी समोरच्याने कॅव्हेट (आपल्याला ऐकल्याशिवाय आदेश देऊ नये असा आगाऊ अर्ज) दाखल केले आहे का ते आधी तपासावे, कारण तसे असल्यास त्याला सूचना दिल्याशिवाय अंतरिम आदेश मिळत नाही. एकदा ताबा गेला, की स्थगितीच्या अर्जात अर्थ उरत नाही. पुढे हुकूमनामा रद्द झाला तरच दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम १४४ खाली मिळकत परत मागता येते, आणि तोवर तेथील बांधकाम शिल्लक असेलच असे नाही.